गावाच्या मधोमध गजभिये

ज्ञानदेव गजभिये यांनी निवृत्तीनंतरचं घर शोधताना एकच अट घातली होती. बेसमेंटला ओल असली तरी चालेल, वॉशरूम एकच असलं तरी भागवून घेऊ, छपराचं पुढे बघू. पण घर गावाच्या मधोमध पाहिजे.

कॅनडातल्या किचनर शहरातला घरांचा एजंट चिराग बुचकळ्यात पडला. निवृत्त मंडळी त्याच्याकडे नेमकं उलटं मागायची. "अंकल, सब लोग किनारे का घर माँगते हैं," तो म्हणाला. "पीछे खेत, आगे पेड़, फुल प्रायव्हसी."

"बचपन किनारे पर ही गया मेरा," ज्ञानदेव म्हणाले. "अब बीच में रह के देखता हूँ."

भंडारा जिल्ह्यातल्या ज्या खेड्यात ते जन्मले, तिथे गाव संपायचं, मग थोडी मोकळी जागा, मग त्यांची वस्ती, आणि वस्तीच्याही टोकाला गजभियांचं घर. गावात वरात निघाली की वाजंत्री ऐकू यायची, नवरदेव दिसायचा नाही. तिथून ते नागपूरला शिकायला गेले, इंजिनिअर झाले, कॅनडात आले आणि किचनरकडच्या रस्तेखात्यात त्यांची उभी नोकरी चौक आखण्यात गेली. कुठे सिग्नल लावायचा, कुठे स्टॉपची पाटी, कुठे गोल चक्कर, याचाच विचार. घरी ताटात चार वाट्या मांडल्या तरी मधे जागा किती सुटली ते बघायचे. इतक्या जणांना मधून नीट पार केल्यावर आपणही एकदा मधे राहावं, असं त्यांना वाटलं तर त्यात नवल नव्हतं.

चिरागने शेवटी कॅनडातल्याच लंडनच्या उत्तरेला, मक्याच्या शेतांत दडलेलं हॉबर्ट्स कॉर्नर्स नावाचं गाव शोधून काढलं. गाव म्हणजे दोन रस्ते एकमेकांना छेदून जातात ती जागा. चारी बाजूंना स्टॉपच्या चार पाट्या, एक चर्च, एक सार्वजनिक हॉल, डोरीनबाईंचं दुकान, त्यातच पोस्टाची खिडकी, आणि आजूबाजूला मूठभर घरं. चौकाच्या कोपऱ्यावरचं घर विकायला होतं. ज्ञानदेवांनी गावाचा नकाशा टेबलावर पसरला, या टोकापासून त्या टोकापर्यंत पट्टी लावून दोन रेघा ओढल्या, आणि त्या रेघा जिथे मिळाल्या ती जागा त्या घराच्या खालच्या वॉशरूममध्ये आली. त्यांनी तिथल्या तिथे होकार दिला.

"गावाचा मध्य संडासात आला म्हणून घर घेणारे तुम्ही पहिलेच," रमाबाई म्हणाल्या. त्यांना किचनर सोडायचं नव्हतं. तिथे मुलगी मैत्रेयी होती, देशी ग्रोसरी होती, आंबेडकर असोसिएशनच्या बैठका होत्या. पण नवऱ्याच्या चेहऱ्यावरचं समाधान बघून त्या सामान बांधायला लागल्या.

गाव चांगलं निघालं. ज्ञानदेव हॉलच्या कमिटीवर गेले, पॅनकेक ब्रेकफास्टला खुर्च्या मांडू लागले, हिवाळ्यात चर्चच्या पायऱ्यांवरचा बर्फ स्वतःहून शोव्हल करू लागले. लोक त्यांना डेव्ह म्हणत. समोरच्या घरात एक म्हातारा दूधवाला शेतकरी राहायचा, गायी विकून आता स्वस्थ बसलेला. त्याचं नाव मरे. रमाबाईंना या नावाचा फार त्रास व्हायचा. दिवेलागणीला दार वाजलं आणि ज्ञानदेव आतून "मरे आला" म्हणाले की त्या हातातलं काम टाकून यायच्या आणि सांगायच्या, "असं अभद्र बोलत नका जाऊ. समोरचे आले, म्हणा."

अशी सहा-सात वर्षं सुखाची गेली, आणि एका ऑक्टोबरात दुपारी एक गंजकी व्हॅन चौकात येऊन बंद पडली. त्यातून दाढीवाला, ढगळ कोटातला एक माणूस उतरला. काखेत कॅमेरा, खांद्यावर एक लांब दांडा, आणि दांड्याच्या टोकाला करड्या केसांचं काहीतरी. मरेच्या कुत्र्याने ते मेलेलं रकून समजून त्याचा पाठलाग केला. तो माणूस डोरीनबाईंच्या दुकानात शिरला, मग मरेच्या अंगणात गेला, मग चर्चच्या पाद्रीबाईंना भेटला, आणि तासाभराने गजभियांच्या दारात उभा राहिला.

"माझं नाव लेफ्तेरिस," तो म्हणाला. "मी ग्रीसचा. सिनेमे करतो. स्वतंत्र. म्हणजे कॅमेरा मी, आवाज मी, आणि व्हॅन बंद पडली की ढकलणाराही मी." त्याच्या इंग्रजीत प्रत्येक शब्द ऑलिव्ह तेलात बुडवून काढल्यासारखा घसरायचा. "खेड्यांतल्या माणसांवर सिनेमा करतोय. गावाने कडेला सारलेली माणसं. मार्जिनलाइज्ड. गावात विचारलं, तर सगळ्यांनी तुमचंच नाव सांगितलं."

ज्ञानदेवांच्या हातात चहाचा कप होता. तो त्यांनी कठड्यावर ठेवला.

"सगळ्यांनी?"

"दुकानातल्या बाईंनी, त्या टोपीवाल्या गृहस्थांनी आणि पाद्रीबाईंनी. एकमताने."

"बूट काढा आणि आत या," ज्ञानदेव म्हणाले. त्यांनी पाहुण्याला सरळ वॉशरूममध्ये नेलं आणि बेसिन आणि कमोड यांच्यामधल्या फरशीकडे बोट दाखवलं. "हा गावाचा मध्य. मी स्वतः मोजलाय. आता सांगा, कडेला कोण आहे?"

लेफ्तेरिसने फरशीकडे पाहिलं, ठिबकणाऱ्या नळाकडे पाहिलं, खुंटीवरच्या पंचाकडे पाहिलं, आणि कॅमेरा सुरू केला. बराच वेळ त्याने नुसता नळच टिपला.

"विलक्षण," तो शेवटी म्हणाला. "याहून एकटी जागा मी पाहिलेली नाही."

बाहेर येताना भिंतीवरच्या तसबिरीपाशी तो थांबला. निळा कोट, चष्मा, हातात पुस्तक. "तुमचे वडील?"

"हो," ज्ञानदेव म्हणाले. "आमचे सगळ्यांचेच."

व्हॅन दुरुस्तीला गेली आणि लेफ्तेरिस बेसमेंटमध्ये राहिला. असं कोणी ठरवलं नव्हतं. रमाबाईंनी त्याला जेवायला वाढलं, त्याने तीनदा भात घेतला, आणि मग त्याला थंडीत बाहेर घालवणं कुणालाच जमलं नाही. त्या दिवशी अळूच्या वड्या होत्या. त्याने एक वडी उचलून खिडकीच्या उजेडात धरली आणि पानात सारण गुंडाळून शिजवायचा शोध ग्रीकांचा आहे, असं सांगितलं.

"पान गुंडाळायला कोणाच्या बापाची परवानगी लागते काय," रमाबाई मराठीत म्हणाल्या आणि त्याच्या पानात आणखी दोन टाकल्या.

तो खाली झोपायला गेल्यावर त्यांनी नवऱ्याला विचारलं, "मार्जिनलाइज्ड म्हणजे हो काय नेमकं?"

"वहीला डाव्या हाताला रेघ मारतो ना आपण? त्या रेघेच्या बाहेरची जागा. मार्जिन. तिथला माणूस."

"म्हणजे समास." रमाबाई नागपूरला मराठी घेऊन बीए झाल्या होत्या. "मग तुम्ही कोणता समास?"

"द्वंद्व," ज्ञानदेव म्हणाले. "तुझ्याशी लग्न झाल्यापासून."

थट्टा केली खरी, पण त्यांच्या मनातून ते जाईना. इतकी वर्षं ज्यांच्या पायऱ्यांवरचा बर्फ ओढला, त्यांनी विचारल्याबरोबर आपलंच नाव सांगावं? सकाळी उठून ते दुकानात गेले. डोरीनबाई पोस्टाच्या खिडकीमागे उभ्या राहून दुसऱ्यांची पोस्टकार्डं वाचत होत्या. गावातली ही त्यांची मान्य झालेली सवय होती.

"डोरीन, तो ग्रीक माणूस काल आला होता. तू त्याला माझं नाव का सांगितलंस?"

"मग कोणाचं सांगू? त्याने विचारलं, या गावात मार्जरीनवाले लोक कोण. मी म्हटलं, डेव्ह. दुसरं कोण घेतं इथे?"

ज्ञानदेवांना क्षणभर कळलं नाही. मग कळलं. हॉबर्ट्स कॉर्नर्स हे पिढ्यान् पिढ्या दूधदुभत्याचं गाव. तिथे पावाला मार्जरीन, म्हणजे तेलापासून केलेलं नकली लोणी, लावणं म्हणजे आळंदीत कोंबडी कापण्यासारखं. कोलेस्ट्रॉलपायी डॉक्टरने त्यांचं लोणी बंद केलं, तेव्हापासून डोरीनबाई त्यांच्यासाठी मार्जरीनचा एक डबा मागवायच्या आणि कागदी पिशवीत घालून, कोणी बघत नाही असं बघून द्यायच्या.

"मरेनेही तेच ऐकलं?"

"मरेला कमी ऐकू येतं, पण तेवढं आलं. आणि पाद्रीबाई म्हणाल्या, आम्ही त्याला नावं ठेवत नाही, आम्ही त्याच्यासाठी प्रार्थना करतो."

ज्ञानदेव हसायला लागले ते थांबेचनात. सूपच्या डब्यांच्या फळीला धरून त्यांनी हसून घेतलं. डोरीनबाईंनी त्यांना पाणी दिलं, आणि कशाला हसतोय हे न विचारता पुढचं पोस्टकार्ड उचललं.

घरी येऊन त्यांनी लेफ्तेरिसला सगळं सांगितलं. तो हसला नाही. त्याने दाढी कुरवाळली आणि म्हणाला, "समाज असाच झाकतो. तोंडाने मार्जरीन म्हणतो, मनात मार्जिन असतं." ज्ञानदेवांनी कपाळाला हात लावला. पण पाहुणा होता, मनाने साफ होता, रमाबाईंच्या स्वयंपाकावर जीव टाकत होता. आठवडाभर याच्या मनासारखं करावं, असं त्यांनी ठरवलं.

लेफ्तेरिसच्या मनासारखं करणं म्हणजे मक्याच्या शेताच्या कडेला उभं राहून क्षितिजाकडे बघणं. त्याच्या सिनेमात कोणी फारसं बोलत नसे. माणसं उभी राहायची, वारा यायचा, एखादी गाय निघून जायची. ज्ञानदेव उभे राहिले. लेफ्तेरिसने कॅमेरा लावला, बघितलं, आणि डोकं बाहेर काढलं.

"मिस्टर गॅजबी, हसू नका."

"मी हसत नाहीये. माझं तोंडच तसं आहे."

ते खरं होतं. ज्ञानदेवांचं तोंड मिटलं की ओठांचे कोपरे आपोआप वर जायचे. रस्तेखात्यात यावरून एकदा मोठी पंचाईत झाली होती. साहेब निवृत्तीचं भाषण करताना रडला, आणि हे पहिल्या रांगेत बसून हसतायत असं सगळ्यांना वाटलं.

"लहानपणाचं काही आठवा," लेफ्तेरिस म्हणाला. "दुःखाचं."

ज्ञानदेवांनी आठवून पाहिलं. त्यांना पाटलाच्या बोरी आठवल्या, त्या बोरींवर चढलेला चुलतभाऊ चंद्रकांत आठवला, खालून कुत्रा भुंकत असताना वरून त्याने कुत्र्यालाच दिलेली बोरांची लाच आठवली, आणि आता ते खरंच हसायला लागले. लेफ्तेरिसने हताश होऊन कॅमेरा बंद केला. दोघंही शेताच्या बांधावर बसले. रमाबाईंनी बरोबर दिलेला चिवडा मधे ठेवला.

वारा पश्चिमेकडून येत होता. वाळलेला मका कागदासारखा वाजत होता.

"आमची वस्ती गावाच्या पूर्वेला होती," ज्ञानदेव थोड्या वेळाने म्हणाले. "का, माहीत आहे? वारा बहुतेक पश्चिमेचा असायचा. आमच्या अंगावरून गेलेला वारा गावावर जाऊ नये म्हणून. जुन्या लोकांनी विचार करून आखलेलं होतं. चौक आखताना मला ते पुष्कळदा आठवायचं. हेही कोणीतरी नकाशावर बसूनच ठरवलं असेल ना."

लेफ्तेरिसचा हात कॅमेऱ्याकडे गेला. मग त्याने ज्ञानदेवांकडे पाहिलं आणि हात परत आणला.

"हे सिनेमात नको?"

"नको. चिवडा खाता खाता सांगितलं, तेवढंच राहू दे."

लेफ्तेरिसने मान हलवली. मग त्याने स्वतःचं सांगितलं. त्याचे आजोबा डोंगरातले मेंढपाळ. त्यांना गाव असं नव्हतंच. उन्हाळ्यात वर, हिवाळ्यात खाली. खालच्या गावात चौकात एक मोठं झाड होतं, त्याच्या सावलीत टेबलं मांडलेली असायची. चीज विकायला आलेल्या मेंढपाळाने चीज द्यावं आणि उभ्या उभ्या निघावं. आजोबा कधी त्या टेबलाशी बसले नाहीत. "मोठा झाल्यावर मी मुद्दाम गेलो आणि बसलो," लेफ्तेरिस म्हणाला. "कॉफी मागवली. फार वाईट होती."

ज्ञानदेवांना हा माणूस त्या दिवसापासून आवडायला लागला.

"तुझ्या सिनेमात माझं तोंड चालणार नाही," ते म्हणाले. "दुसरं काही काम दे."

लेफ्तेरिसने त्यांना केसाळ माइकचा दांडा धरायचं काम दिलं.

शेवटचं चित्रण चौकाचं होतं. लेफ्तेरिसला रिकामा चौक हवा होता. एकही माणूस नाही, फक्त चार पाट्या आणि वारा. गावाचा एकाकीपणा एका दृश्यात. त्याने गजभियांच्या पोर्चवर कॅमेरा मांडला आणि गावाला सांगून आला की शुक्रवारी दुपारी मी चौक टिपतोय, तुम्ही आपापलं काम करा, कॅमेऱ्याकडे बघू नका. सगळ्यांनी खांदे उडवले. सिनेमाबिनेमात कोणाला रस नव्हता.

शुक्रवारी दुपारी हॉबर्ट्स कॉर्नर्समध्ये कधी नव्हे इतकी वर्दळ झाली. मरे आपला पिकअप घेऊन चौकातून गेला, वळून परत आला, पुन्हा गेला. टोपी काढलेली होती आणि केसांना पाणी लावून भांग पाडलेला होता. पाद्रीबाई आपल्या कुत्र्याला फिरवून गेल्या आणि थोड्या वेळाने शेजारच्यांच्या कुत्र्याला फिरवत आल्या. डोरीनबाईंना रजिस्टर पत्र हातोहात पोचवायचं होतं म्हणे. गाडी काढून त्या पूर्वेला गेल्या. लेफ्तेरिस डोक्याला हात लावून बसला होता. ज्ञानदेव दांडा धरून कठड्यामागे उभे होते.

आणि मग ते घडलं. चारी रस्त्यांनी चार वाहनं एकाच क्षणी स्टॉपच्या पाटीशी येऊन थांबली. उत्तरेकडून मरेचा पिकअप. पूर्वेकडून डोरीनबाईंची गाडी. पश्चिमेकडून शेणखताची मोठी टाकी ओढणारा ट्रॅक्टर, वर शेजारच्या शेतावरचा तरुण ड्रायव्हर. आणि दक्षिणेकडून, पीक कापणीचं घराएवढं कंबाइन घेऊन, मरेचा धाकटा भाऊ वेस.

मरे आणि वेस एकमेकांशी बोलत नसत. कारण असं होतं की पुष्कळ वर्षांपूर्वी एका रविवारी आईला चर्चमधून घरी आणायचं होतं. मरेला वाटलं वेस आणेल, वेसला वाटलं मरे आणेल. आई चालत घरी आली. तिला ते चालणं फार आवडलं, आणि ती शेवटपर्यंत हौसेने तसंच चालत येत राहिली. पण भावांनी त्या रविवारपासून अबोला धरला तो धरलाच.

स्टॉपच्या चौकाचा नियम कॅनडात सगळ्यांना पाठ असतो. जो आधी आला तो आधी जातो. दोघं बरोबर आले तर उजवीकडचा आधी. पण चौघं बरोबर आले की प्रत्येकाच्या उजवीकडे कोणीतरी असतोच, आणि तिथे नियम संपतो. अशा वेळी कोणीतरी एक जण निर्लज्जपणे निघून जातो आणि प्रश्न सुटतो. पण इथे पोर्चवर कॅमेरा होता. साऱ्या जगापुढे निर्लज्ज व्हायला कोणी तयार नव्हतं.

डोरीनबाईंनी हसून हात केला, तुम्ही व्हा पुढे. ट्रॅक्टरवाल्याने टोपीला हात लावून उलट खूण केली. मरेने डोरीनला हात केला. आणि वेसने, कॅमेऱ्याकडे न बघता बघत, वरून मरेला हात केला. तू जा. इतक्या वर्षांत त्याने भावाला केलेली ही पहिली खूण होती. मरेचे कान लाल झाले. वेसचं ऐकून पुढे जाणं म्हणजे हार. त्याने खिडकीतून आख्खा हात बाहेर काढून परत हात केला. नाही, तू. वेसने दोन्ही हातांनी केला. मरेने इंजिन बंद केलं. ते बघून वेसनेही केलं.

"जा ना बापा," ज्ञानदेव कठड्यामागून पुटपुटले. आयुष्यभर चौक मोकळे करणाऱ्या माणसाला हे बघवत नव्हतं. "काऊन थांबला रे? अरे, हाल ना. बाई, तुम्ही तरी निघा. तो कंबाइनवाला गाढव आहे का? हां, आता हा चालला... नाही चालला. देवा रे."

"हालू नका," लेफ्तेरिस कॅमेऱ्यामागून कुजबुजला. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

मागे गाड्या साचायला लागल्या. शाळेची पिवळी बस आली आणि थांबली. प्रोपेनचा ट्रक थांबला. कोणी हॉर्न वाजवला नाही. हॉर्न वाजवणं वाईट दिसलं असतं. शेणखताचा वास हळूहळू चौकभर पसरला. लोकांनी खिडक्या वर केल्या आणि आतून एकमेकांना हात करणं चालू ठेवलं.

हे सगळं रमाबाई स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत होत्या. शेवटी त्यांनी मोठ्या पातेल्यात चहा टाकला, चिवड्याचा डबा काढला, ट्रे उचलला आणि स्वेटरवर पदर खोचून सरळ चौकाच्या मधोमध गेल्या. दारं उघडली. माणसं उतरली. बसमधली मुलं उतरली. रमाबाई सगळ्यांना कागदी कप देत फिरल्या आणि मरेपाशी येऊन थांबल्या.

"तुमच्या भावाला ही प्लेट द्या," त्या इंग्रजीत म्हणाल्या. "माझे हात भरलेत."

मरेने प्लेट बघितली, कॅमेऱ्याकडे बघितलं, आणि चालत जाऊन कंबाइनच्या शिडीशी प्लेट वर धरली.

"घे."

वेसने चिवड्यात बोट घालून पाहिलं. "तिखट आहे?"

"आहे."

"मग कशाला देतोस?"

"मी नाही देत. त्या देतायत."

बोलणं तिथेच संपलं. पण बोलणं झालं होतं, आणि ते सगळ्या गावाने ऐकलं होतं.

तेवढ्यात वारा फिरला आणि शेणखताचा भपकारा चहाच्या कपात उतरला. कोणी ठराव मांडला नाही, कोणी मत घेतलं नाही. सगळ्या चौकाने एकदम ट्रॅक्टरवाल्याला हात केला की आधी तू जा. एवढ्या लोकांपुढे त्याला नाही म्हणता येईना. टाकी गेली, आणि मागून एकेक करून चौक मोकळा झाला. ज्ञानदेवांनी दांडा खाली ठेवला तेव्हा त्यांचे दोन्ही दंड आखडले होते.

लेफ्तेरिस पुढच्या आठवड्यात व्हॅन घेऊन गेला. जाताना त्याने रमाबाईंकडून अळूची पानं मागून घेतली, आणि वड्या मूळच्या कोणाच्या यावर शेवटपर्यंत माघार घेतली नाही.

फेब्रुवारीत सिनेमा तयार होऊन आला. गावाच्या हॉलमध्ये ज्ञानदेवांनी खुर्च्या मांडल्या. मैत्रेयी किचनरहून आली. सिनेमातले मराठी शब्द इंग्रजीत लिहून द्यायचं काम लेफ्तेरिसने तिला दिलं होतं, आणि त्याबद्दल ती घरी एक अक्षर बोलली नव्हती.

सिनेमा लांबलचक होता. आधी बराच वेळ नळ ठिबकला. मग मका हलला. मग चौक आला, आणि लोक खुर्च्यांत सावरून बसले. पडद्यावर चार वाहनं थांबली, हात व्हायला लागले, आणि साऱ्या हॉलभर ज्ञानदेवांचा आवाज घुमला. दांडा त्यांच्याच हातात होता; त्यांचं सगळं पुटपुटणं माइकने गोळा केलं होतं. जा ना बापा. काऊन थांबला रे. खाली पांढऱ्या अक्षरांत इंग्रजी उमटलं, त्याचा अर्थ असा होता: हे शेजाऱ्या, मार्ग तुझाच आहे. 'तो कंबाइनवाला गाढव आहे का' याच्याखाली आलं: हा सहनशील प्राणी कोणाची वाट पाहतो आहे?

पाद्रीबाईंनी रुमाल काढला.

"मैत्रेयी," ज्ञानदेव दातओठ खाऊन म्हणाले; पण तोंड तसंच असल्यामुळे ते हसतायत असंच दिसलं.

"व्हॉट? इट्स पोएटिक, बाबा," ती म्हणाली. "दे लव्ह यू."

सिनेमा संपल्यावर कोण आधी पोचलं होतं यावर हॉलमध्ये खूप वेळ वाद झाला. वेसचं म्हणणं, मरे आधी होता. मरेचं म्हणणं, वेस आधी होता. ते एकमेकांना सांगत नव्हते, ज्ञानदेवांना सांगत होते, आणि ज्ञानदेव एकाचं दुसऱ्याला पोचवत होते. खरी नायिका मात्र रमाबाई ठरल्या. चिवडा घेऊन चौकात आलेल्या बाईंना भेटायला लोक रांग लावून उभे राहिले. त्यांनी सगळ्यांना एकच उत्तर दिलं, "गुरुवारी घरी या, खायला मिळेल." तोंडातून निघून गेलं. मराठी माणूस 'या एकदा' म्हणतो ते येऊ नये म्हणून, हे त्या गावाला कुठून ठाऊक असणार.

गुरुवारी सगळे आले. पुढच्या गुरुवारीही आले. डोरीनबाईंनी जाहीर केलं की नीट विचार केल्यावर आपणही मार्जिनलाइज्डच आहोत, कारण पोस्टाच्या खिडकीमागे आपल्याला कोणी बसायला सांगत नाही. पाद्रीबाईंनी प्रवचनाच्या वेळच्या रिकाम्या बाकांची हकिगत सांगितली. प्रत्येकाला काहीतरी सांगायचं होतंच. तिसऱ्या-चौथ्या गुरुवारी रमाबाईंचा धीर संपला. त्यांनी टेबलावर वर्तमानपत्र पसरलं, लसणीच्या गड्ड्यांचा ढीग ओतला आणि सांगितलं, सोलत सोलत बोला.

मरे आणि वेस टेबलाच्या दोन टोकांना बसतात. अजून थेट बोलत नाहीत. मीठ हवं असलं की मरे रमाबाईंना सांगतो, रमाबाई वेसकडून घेतात आणि मरेला देतात. वेसला आता चिवडा तिखट लागत नाही. उलट मिरची कमी पडली अशी त्याची तक्रार असते. परवा मरे ठरल्या वेळेच्या आधीच आला, दिवेलागणीलाच. दार वाजलं. ज्ञानदेव आतून काही बोलणार, तेवढ्यात रमाबाईंनीच पोळपाटावरून मान वर केली.

"समोरचे आलेत," त्या म्हणाल्या. "त्यांना म्हणावं, हात धुवा आणि कांदे घ्या चिरायला."